वाटाण्याएवढा केंड

आमच्या शाळेच्या प्रयोगशाळेंत उत्तरेकडील खिडकीजवळ एक कांचेची पेटी ठेविलेली आहे. पालकसभेच्या दिवशीं पाहुणे मंडळी तिच्यापुढें उभी राहतात, आंतील हिरवीगार पाणवेल पाहून संतोष पावतात, आणि मग हटकून विचारतात, "यांत मासे कोठें आहेत?" तेव्हां आम्ही त्यांस घटकाभर स्तब्ध उभें राहावयास सांगतों. थोड्याच वेळांत पानाआडून एक पिवळसर-हिरवा, काळ्या ठिपक्यांचा चिमुकला जीव बाहेर येतो, पाण्यांत एकाच जागीं स्थिर राहतो, एक डोळा पाहुण्यांकडे व दुसरा डोळा कांचेवरच्या गोगलगायीकडे लावतो, आणि पाहुण्यांस हंसूं आल्यावांचून राहत नाहीं.

हे मासे आमच्या येथें येऊन तीन वर्षें पूर्ण झालीं आहेत. तथापि त्यांच्यापूर्वीं आणलेले त्याच जातीचे सहा मासे आमच्या हातून सहा आठवड्यांच्या आंत मेले. पहिले कां मेले आणि दुसरे कां जगले, ह्या दोन प्रश्नांचीं उत्तरें शोधितांना आम्हांस जें कळलें, तें वाचकांपुढें मांडावें एवढाच ह्या लेखाचा हेतु आहे.

प्रथम ह्या माशाची ओळख करून देतों. कोंकणच्या किनाऱ्यावरील वाचकांस केंड ठाऊक असेलच. पकडला म्हणजे पोट फुगवून चेंडूसारखा होणारा आणि बळकट दांतांनीं जाळें कुरतडणारा हा मासा कोळी लोकांस मुळींच प्रिय नाहीं. आमचा मासा ह्याच कुळांतील आहे. शास्त्रज्ञ ह्या कुळास टेट्राओडोंटिडी म्हणतात. ग्रीक भाषेंत त्याचा अर्थ चार दांतांचे असा होतो. कारण वरच्या जबड्यांतील दोन व खालच्या जबड्यांतील दोन असे चार रुंद दांत मिळून पोपटाच्या चोंचीसारखें एक हत्यार बनतें. ह्या कुळांतील अनेक जातींच्या यकृतांत व अंडाशयांत टेट्रोडोटॉक्सिन नांवाचें जहाल विष असतें, म्हणून जाणते लोक केंड खाण्याच्या भरीस पडत नाहींत.

ह्या कुळांतील बहुतेक जाती समुद्रांत किंवा खाडीच्या मचूळ पाण्यांत राहतात. परंतु आमचा चिमणा केंड जन्मापासून मरणापर्यंत गोड्या पाण्यांतच राहणारा आहे, आणि पूर्ण वाढला तरी ३.५ सेंटिमीटरांहून मोठा होत नाहीं. त्याचें मूळ घर सह्याद्रीच्या दक्षिण टोंकास आहे. केरळांत व कर्नाटकाच्या दक्षिण भागांत, पंबेसारख्या नद्यांत आणि त्यांच्या आसपासच्या संथ पाण्यांत, दाट वनस्पतींच्या आश्रयानें तो राहतो. सुंदरलाल होरा व कृष्णन् नायर ह्या दोन भारतीय प्राणिशास्त्रज्ञांनीं इ. स. १९४१ मध्यें त्याचें शास्त्रीय वर्णन प्रथम प्रसिद्ध केलें, आणि त्या वेळच्या त्रावणकोर संस्थानावरून त्याचें नांव ठेविलें. आज शास्त्रांत तो कॅरिनोटेट्राओडॉन ट्राव्हनकोरिकस ह्या नांवानें ओळखला जातो. एवढ्या लहान देहास एवढें लांब नांव पेलत नाहीं म्हणून कीं काय, व्यापारी लोक त्यास 'पी पफर', म्हणजे वाटाण्याएवढा फुग्या, म्हणतात. नीट काळजी घेतल्यास तो चार-पांच वर्षें जगूं शकतो.

आतां आमच्या चुकीची हकीकत सांगतों. २०२२ सालच्या जून महिन्यांत, आम्ही इयत्ता सातवींत असतांना, वर्गणी जमवून शहरांतील एका दुकानांतून हे सहा मासे आणले. त्याच दिवशीं सकाळीं पेटी घांसून पुसून नळाच्या पाण्यानें भरली होती. समुद्रांतल्या केंडाचा हा भाऊबंद, तेव्हां ह्यास खारट पाणी मानवेल, असें समजून आम्हीं दोन मुठी मीठ टाकलें. सोबत असावी म्हणून दोन सोनेरी मासे सोडले, आणि खाण्यास डबींतील कोरडा चुरा घातला. आमच्या मतें कांहींच उणें नव्हतें.

तिसऱ्या दिवशीं एका सोनेरी माशाची शेपटी कुरतडलेली दिसली. चुऱ्यास तर केंडांनीं तोंडही लावलें नाहीं. तो तळाशीं जाऊन बसला. पुढें मासे काळवंडले, कोपऱ्यांत जाऊन जोरजोरानें कल्ले हालवूं लागले, आणि नवव्या दिवशीं पहिला मासा मेला. त्यानंतर एकामागून एक सर्व गेले. आम्हांस अधिक नवल वाटलें तें ह्याचें कीं, पाणी अखेरपर्यंत आरशासारखें निर्मळ दिसत होतें.

आमच्या शाळेचे शिपाईमामा मूळचे खाडीकांठचे राहणारे. शेवटचा मासा मेला त्या दिवशीं ते पेटीपाशीं आले व म्हणाले, "पोरांनो, हा तर केंड! आमच्याकडे ह्यानं जाळ्यांची चाळण केली, तरी मरत नाही. तुमच्याकडे का मेला? अरे, ज्याचं त्याला पाणी लागतं." आमच्या शास्त्राच्या बाई जवळच होत्या. त्यांनीं हंसून विचारलें, "मामांचं ऐकलंत ना? मग पाण्याची परीक्षा केलीत का कधी?" आम्हीं ती केली नव्हती. बाईंनीं परीक्षानळींत थोडें पाणी घेऊन त्यांत औषधाचे थेंब टाकले, तों तें गर्द हिरवें झालें. तो अमोनियाचा रंग होता.

हा अमोनिया येतो कोठून? माशाच्या कल्ल्यांवाटे तो सतत बाहेर पडतो, आणि विष्ठा व उरलेलें अन्न कुजूनही तो उत्पन्न होतो. नदींत तो वाहून व विरून जातो. पेटींत जागच्या जागीं सांचतो. पाण्यांत त्यास रंग नसतो, म्हणून डोळ्यांस तो दिसत नाहीं. परंतु अगदीं थोड्या प्रमाणांतही तो माशांचे कल्ले जाळतो. निसर्गानें ह्यावर उपाय योजिलेला आहे. एका प्रकारचे सूक्ष्म जंतु अमोनियाचें नायट्राइट करितात. हेंही विषच आहे. दुसऱ्या प्रकारचे जंतु नायट्राइटाचें नायट्रेट करितात. हें बरेंच सौम्य असून कांहीं वनस्पति खातात, व उरलेलें पाणी बदलतांना काढून टाकतां येतें. हे उपकारी जंतु वाळूच्या कणांवर व गाळणीच्या स्पंजावर वस्ती करितात. परंतु पुरेशी वस्ती होण्यास साधारणपणें ४ ते ६ आठवडे लागतात. आम्हीं सकाळीं पेटी भरून दुपारीं मासे सोडले, म्हणजे ज्या घरास अद्याप मोरी नाहीं त्या घरांत पाहुणे उतरविले.

म्हणून दुसऱ्या खेपेस आम्हीं प्रथम पाणी तयार केलें. ६० सेंटिमीटर लांब, ३० रुंद व ३५ उंच अशी पेटी घेतली. तींत बारीक वाळू घालून वनस्पति दाट लावल्या, आणि हवेच्या पंपावर चालणारी स्पंजाची गाळणी बसविली. मग नोव्हेंबरापासून जानेवारीपर्यंत पेटींत एकही मासा न सोडतां रोज चिमूटभर खाद्य टाकून तें कुजूं दिलें, कीं जेणेंकरून जंतूंस अमोनिया मिळावा. दर तीन दिवसांनीं पाण्याची परीक्षा करून आंकडे वहींत लिहिले. अमोनिया वाढला, मग उतरला. नायट्राइट वाढलें, तेंही उतरलें. दोहोंचा आंकडा सतत शून्य येऊं लागला तेव्हांच, २०२३ च्या जानेवारींत, नवे सहा मासे आणले. रिकाम्या पेटीकडे पाहून इतर वर्गांतील मुलें आमची थट्टा करीत. पण ह्या थट्टेच्या दिवसांतच माशांच्या आयुष्याची बेगमी होत होती.

ह्या ठिकाणीं एक जुना प्रयोग आठवतो. रॉबर्ट वॉरिंग्टन नांवाच्या लंडनच्या रसायनशास्त्रज्ञानें एका भांड्यांत दोन सोनेरी मासे व एक पाणवनस्पति ठेवून, ती वनस्पति माशांस पुरेसा प्राणवायु देते कीं नाहीं हें पाहिलें. प्राणवायु मिळाला, परंतु वनस्पतीचीं जुनीं पानें कुजून पाणी बिघडूं लागलें. तेव्हां त्यानें भांड्यांत गोगलगायी सोडल्या. त्यांनीं कुजकीं पानें खाऊन टाकलीं, व भांड्यांतील तिघांचा संसार सुरळीत चालूं लागला. हा प्रयोग त्यानें १८५० सालीं प्रसिद्ध केला, आणि घरोघरीं मासे पाळण्याच्या हौसेस त्यांतून मोठें साहाय्य झालें. आमच्या केंडाची अडचण अशी कीं, वॉरिंग्टनच्या संसारांतील झाडूवालीच तो खाऊन टाकतो! गोगलगाय हें त्याचें आवडतें अन्न. तेव्हां त्याच्या पेटींतील झाडलोट पाळणारानेंच केली पाहिजे.

ती आम्ही अशी करितों. दर शनिवारीं पेटींतील सुमारें चतुर्थांश पाणी नळीनें तळाच्या घाणीसह ओढून काढतों व तेवढेंच नवें घालतों. नळाच्या पाण्यांत जंतुनाशक क्लोरीन असतो; तो रोगजंतूंबरोबर आमच्या उपकारी जंतूंसही मारतो व माशांचे कल्लेही पोळतो. पाणी उघड्या बादलींत दिवसभर ठेविल्यास क्लोरीन उडून जातो. परंतु कांहीं ठिकाणीं क्लोरामिन नांवाचें द्रव्य वापरितात, तें असें उडत नाहीं. म्हणून सोडियम थायोसल्फेट, म्हणजे छायाचित्रकारांचा हायपो, ज्यांत आहे असें तयार औषध बाटलीवर दिलेल्या प्रमाणांत घालणें बरें. गाळणीचा स्पंज नळाखालीं कधींही धुवूं नये. पेटींतून काढलेल्या जुन्या पाण्यांत दोन-तीनदां पिळावा, म्हणजे घाण जाते व जंतु राहतात. मीठ आम्ही मुळींच घालीत नाहीं. पाण्याची उष्णता २४ ते २७ अंश सेल्सिअस असावी. मे महिन्यांत ती ३० अंशांवर चढूं लागली म्हणजे पेटीवरचा दिवा बंद ठेवून पाण्याच्या पृष्ठभागावर लहान पंख्याचा वारा सोडतों. कारण ऊन पाण्यांत प्राणवायु कमी मावतो.

आतां अन्नाविषयीं. हा मासा शिकारी आहे. हालचाल करणारें भक्ष्य दिसलें तरच त्याची भूक जागी होते. कोरडा चुरा त्यास अन्न वाटत नाहीं, आणि आमचे पहिले मासे भरल्या ताटाशेजारीं उपाशी होते, हें आतां आम्हांस कळतें. आम्ही एका वेगळ्या बरणींत पाणगोगलगायी वाढवितों. त्यांस पालकाचें उकडलेलें पान पुरतें. तळ्यांतून आणलेल्या गोगलगायींबरोबर रोग येण्याची भीति असते, म्हणून बरणींत वाढलेल्या गोगलगायींचीं पिलेंच केंडांस देतों. त्यांचें कवच फोडून खातांना चोंचीस आपोआप व्यायाम होतो व ती प्रमाणांत राहण्यास मदत होते. कारण केंडाचे दांत उंदराच्या दांतांप्रमाणें जन्मभर वाढत असतात. ह्याशिवाय पाणपिसवा व गोठविलेले तांबडे किडे देतों. डासांच्या अळ्या त्यास फार आवडतात. परंतु त्यांच्यासाठीं पाणी सांचवून ठेवणें म्हणजे माशाच्या जेवणाकरितां शेजाऱ्यास ताप आणणें होय, म्हणून तें आम्हीं कधीं केलें नाहीं. अन्न रोज थोडें द्यावें, आणि उरलेलें लगेच काढून टाकावें. पोट किंचित् गोल दिसलें कीं पुरे.

स्वभावानें हा चिमणा प्राणी मोठा मानी आहे. लांब शेपटीचा किंवा संथ चालीचा मासा त्याच्या शेजारीं ठेवूं नये. स्वजातींतही नर नरास सहन करीत नाहीं. मोठ्या नराच्या पोटावर मध्यभागीं काळसर रेघ असते व डोळ्यामागें बारीक सुरकुत्या दिसतात. मादी अधिक गोल असते. लहानपणीं हा भेद कळत नाहीं. आमच्या सहांत दोन नर निघाले, आणि एकानें दुसऱ्याचा पिच्छा पुरविला. तेव्हां एका नरास निराळ्या पेटींत ठेविलें. एका नरास दोन-तीन माद्या, आणि दृष्टि अडेल इतकी दाट झाडी, ही व्यवस्था उत्तम.

दुकानांत मासा निवडतांना त्याचें पोट पाहावें. पुष्कळ मासे थेट ओढ्यांतून पकडून आणलेले असल्यामुळें त्यांच्या आंतड्यांत जंत असतात. असा मासा खातो पण अंगीं लागत नाहीं, व पोट आंत ओढलेलें राहतें. आमच्या दुसऱ्या सहांपैकीं एक मासा असाच होता. त्यास वेगळें ठेवून पशुवैद्यांच्या सल्ल्यानें औषध दिलें, तरी तो वांचला नाहीं. बाकीचे पांच मात्र आज खुशाल आहेत. ह्या माशास इतर माशांसारखे खवले नसल्यामुळें औषधें त्यास लवकर बाधतात. म्हणून कोणाच्या सांगण्यावरून मनास येईल तें औषध पाण्यांत ओतूं नये.

पाहुणे, विशेषतः लहान मुलें, एक मागणी नेहमीं करितात : "ह्याला फुगवून दाखवा." ती आम्ही मान्य करीत नाहीं. केंड फुगतो तो भीतीनें. पोटांत भराभर पाणी घेऊन तो आपणांस गिळण्यास अवघड करून ठेवतो. हें त्याचें संकटांतील शेवटचें साधन आहे, खेळ नव्हे. पाण्याबाहेर काढल्यास तो पाण्याऐवजीं हवा गिळतो, आणि ती बाहेर टाकणें त्यास फार कठीण जातें. म्हणून त्यास जाळीनें न धरतां पाण्याखालींच पेल्यांत घेऊन हालवावें.

एवढ्याशा जिवासाठीं इतका खटाटोप कशास, असें कोणी विचारतील. त्यांस आम्ही एक साधें गणित घालतों. सहा आठवड्यांनीं एक मासा मेला, आणि दर खेपेस त्या जागीं नवा आणला, तर चार वर्षांत सुमारें पस्तीस मासे लागतील. तोच एक मासा चार वर्षें जगला तर चौतीस मासे आपल्या ओढ्यांत राहतील. हा मासा सह्याद्रीच्या दक्षिण भागावांचून जगांत दुसरीकडे निसर्गतः कोठेंही नाहीं. व्यापारासाठीं होणारी पकड आणि ओढ्यानद्यांची होणारी खराबी, ह्यांमुळें निसर्गसंरक्षणाच्या आंतरराष्ट्रीय संघानें त्याची गणना असुरक्षित जातींत केली आहे. म्हणून शक्य तों पेटींत जन्मलेला मासाच विकत घ्यावा. पेटींत त्याची पैदास होते. मादी मऊ शेवाळांत बारीक अंडीं घालते व पांच-सहा दिवसांत पिलें बाहेर येतात. आमच्या येथें २०२४ सालीं अशीं पिलें झालीं होतीं. परंतु त्यांच्या तोंडांत मावेल इतकें सूक्ष्म जिवंत खाद्य आम्हीं आधीं तयार ठेविलें नव्हतें, म्हणून तीं जगलीं नाहींत. तयारी अगोदर व मासे मागाहून, हा धडा आम्हांस दुसऱ्यांदा शिकावा लागला. आणखी एक सूचना : मासे नकोसे झाले तरी ते आपल्या गांवच्या ओढ्यांत सोडूं नयेत. तें त्यांचें घर नव्हे, आणि तेथील जिवांस परके प्राणी व परके रोग दोन्ही अपायकारक आहेत.

आम्ही आतां दहावींत आहों, आणि हें आमचें ह्या शाळेंतील शेवटचें वर्ष. माशांचें आयुष्य मात्र अद्याप शिल्लक आहे. दिवाळीच्या व मे महिन्याच्या सुट्टींत शिपाईमामा त्यांस संभाळतात. परंतु मामाही पुढील वर्षीं सेवानिवृत्त होणार. म्हणून ही पेटी, गोगलगायींची बरणी आणि आमची वही आम्ही आठवीच्या विद्यार्थ्यांच्या स्वाधीन करीत आहों. वहीच्या पहिल्या पानावर सहा तारखा आहेत. त्या पहिल्या सहा माशांच्या मरणाच्या आहेत. तें पान कृपा करून कोणी फाडूं नये. त्याच्या पुढच्या पानापासून पाण्याचे आंकडे सुरू होतात, आणि ते आजतागायत चालू आहेत.

नव्या मंडळींस एवढेंच स्मरण देतों कीं, पाणी बदलण्याचा वार शनिवार आहे.